नव्या रसायनाची सुरक्षितता तपासताना: प्राणी कुठे लागतात, कुठे लागत नाहीत, आणि कुठे वाया जातात

प्रश्न असा आहे: एका नव्या औद्योगिक रसायनाची सुरक्षितता-माहिती गोळा करायची आहे. त्यासाठी प्राण्यांवर चाचण्या करणं आज खरोखर गरजेचं आहे का? पेशींवरच्या आणि संगणकावरच्या पद्धतींनी भागत नाही का? भागत नसेल, तर कमीत कमी प्राण्यांत विश्वासार्ह उत्तर कसं मिळवायचं?

रसायन ‘विषारी आहे का’ हा प्रश्न कोणत्याच चाचणीला विचारता येत नाही. कोणाला, कोणत्या वाटेनं, किती आणि किती दिवस, हे ठरलं की मगच चाचणी निवडता येते. बंद टाकीत तयार होऊन तिथेच संपणारं रसायन आणि रोज हातांना लागणारं रसायन यांच्यासाठीच्या चाचण्यांची यादी एकसारखी असूच शकत नाही. यादी हातात आली की प्रत्येक ओळीपुढे लिहा: निकाल ‘हो’ आला तर काय करू, ‘नाही’ आला तर काय करू. दोन्हीकडे उत्तर तेच येत असेल तर ती चाचणी करू नका. साधं उदाहरण पीएचचं. द्रावणाचा पीएच २ किंवा त्याहून कमी, अथवा ११.५ किंवा त्याहून जास्त असेल, आणि ते आपला पीएच सहज बदलू न देणारं असेल, तर ते कातडी आणि डोळा जाळणारंच धरायचं. सशाच्या डोळ्यात ते घालून पाहण्यात नवीन काही कळत नाही.

त्यानंतरचं काम कागदावरचं. शुद्धता किती, अशुद्धी कोणत्या, पाण्यात किती विरघळतं, किती उडून जातं, तेल आणि पाणी यांत कुणाकडे जास्त ओढलं जातं, या आकड्यांशिवाय पुढची एकही चाचणी नीट बसत नाही. मग रचनेनं जवळच्या, आधीच तपासलेल्या रसायनांची माहिती आपल्या रसायनाला लागू होते का ते पाहायचं. ही तुलना प्राणी वाचवण्याचा सर्वांत मोठा मार्ग आहे, आणि सर्वांत जास्त घसरगुंडीही इथेच होते. कागदावर सारखी दिसणारी रसायनं शरीरात सारखी वागतीलच असं नाही. एन-हेक्सेन आणि एन-हेप्टेन यांच्यात फरक फक्त एका कार्बनचा. पण हेक्सेनपासून शरीरात २,५-हेक्झेनडायोन तयार होतं, ते मज्जातंतूंमधल्या प्रथिनांना धरतं, आणि दीर्घकाळ संपर्कात असलेल्या कामगारांचे हातपाय बधिर होऊन दुबळे पडतात. हेप्टेनपासून तसा पदार्थ नगण्य बनतो. म्हणून ‘रचना सारखी’ एवढं वाक्य पुरत नाही. दोन्ही रसायनांपासून यकृतात काय बनतं हे यकृतपेशींत तपासून दाखवावं लागतं. अनेक तुलना नाकारल्या जातात त्या याच जागी.

कातडी, डोळा आणि ॲलर्जी या तीन बाबतींत चित्र खूप बदललं आहे. जॉन ड्रेझ यांनी १९४४ साली मांडलेली सशाच्या डोळ्याची चाचणी, ज्यात ०.१ मिलिलिटर पदार्थ पापणीच्या पिशवीत टाकून डोळा २१ दिवसांपर्यंत तपासला जातो, ती आता पहिली पायरी राहिलेली नाही. खाटीकखान्यातून येणाऱ्या गायीच्या डोळ्याच्या बुबुळावरची चाचणी (ओईसीडी या आंतरराष्ट्रीय आर्थिक सहकार्य संघटनेची मार्गदर्शिका ४३७) आणि मानवी पेशींपासून वाढवलेल्या बुबुळाच्या पापुद्र्यावरची चाचणी (४९२) यांतून दोन टोकं चांगली पकडली जातात: डोळ्याची कायमची हानी करणारे आणि अजिबात त्रास न देणारे. मधला, म्हणजे तात्पुरती जळजळ करणारा गट एकट्या चाचणीतून सुटतो. त्यासाठी दोनतीन चाचण्यांची सांगड आधीच ठरवून ठेवावी लागते.

कातडीसाठी मानवी पेशींपासून वाढवलेल्या बाह्यत्वचेवरची ४३९ क्रमांकाची चाचणी वापरतात. तीन तुकड्यांवर रसायन लावायचं, ठरलेल्या वेळी धुवायचं, साधारण ४२ तास ठेवायचं आणि एमटीटी या रंगद्रव्यानं किती पेशी जिवंत आहेत ते मोजायचं: जिवंत पेशी त्याचं निळं फॉर्माझान करतात. ५० टक्के किंवा त्याहून कमी उरल्या तर रसायन जळजळ करणारं. ऐकायला सोपं आहे, पण चुका ठरलेल्या आहेत. काही रसायनं स्वतःच एमटीटीला निळं करतात. मग मेलेला तुकडाही जिवंत दिसतो आणि जळजळ करणारं रसायन ‘सुरक्षित’ म्हणून निसटतं. यावर उपाय म्हणजे आधी नुसत्या एमटीटीच्या द्रावणात रसायन टाकून रंग बदलतो का पाहणं, आणि बदलला तर मारलेले तुकडे सोबत चालवून तेवढं मोजमाप वजा करणं. रसायन रंगीत असेल तर रंग मोजण्याऐवजी एचपीएलसीनं (मिश्रणातले घटक वेगळे करणाऱ्या यंत्रानं) फॉर्माझान वेगळं करून मोजावं. याच्या उलट चूक धुण्यातली: चिकट पदार्थ नीट निघाला नाही तर संपर्क ठरल्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ चालू राहतो आणि निरुपद्रवी रसायन दोषी ठरतं.

कातडीच्या ॲलर्जीचा प्रश्न मला सर्वांत समाधानकारक रीतीनं सुटलेला वाटतो, कारण इथे प्राण्याची नक्कल न करता आजार घडण्याच्या पायऱ्या वेगवेगळ्या मोजल्या आहेत. रसायन प्रथिनाला चिकटतं का (४४२सी), त्वचापेशी धोक्याची घंटा वाजवतात का (४४२डी), आणि रोगप्रतिकारक पेशी जाग्या होतात का (४४२ई). २०२१ साली ओईसीडीच्या ४९७ क्रमांकाच्या मार्गदर्शिकेनं ‘तिन्हीपैकी दोन’ हा नियम मान्य केला: दोन चाचण्या एकमेकींशी जुळल्या की निर्णय झाला, तिसरी करायची गरज नाही. पहिल्या चाचणीत सिस्टीन हे अमिनो आम्ल असलेलं पेप्टाइड (प्रथिनाचा छोटा तुकडा) रसायनाशी १ ला १० आणि लायसीन हे दुसरं अमिनो आम्ल असलेलं १ ला ५० या प्रमाणात २५ अंशांवर २४ तास ठेवतात आणि पेप्टाइड किती कमी झालं ते मोजतात. दोन्हींची सरासरी घट ६.३८ टक्क्यांच्या वर गेली की निकाल होकारार्थी. इथे सिस्टीन हवेतल्या ऑक्सिजननं आपोआप जोडीनं बांधलं जातं आणि ती घट रसायनाच्या नावावर जमा होते, म्हणून रसायनाविना ठेवलेल्या नमुन्याकडे आधी बघा. रसायन तळाशी बसलं असेल तर नकारार्थी निकालाला अर्थ नाही. तिसऱ्या चाचणीत तेलाची ओढ फार असलेल्या, म्हणजे लॉग पी ३.५ च्या वरच्या रसायनांचा नकारार्थी निकाल धरायचा नसतो. शरीरात गेल्यावरच ॲलर्जीकारक रूप घेणारी काही रसायनंही या तिन्हींतून सुटू शकतात, कारण यांत यकृताची रासायनिक ताकद जवळपास नसते.

जनुकीय बदलांसाठी जिवाणूंवरची एम्स चाचणी पाच जिवाणू-प्रकारांवर, ५ मिलिग्रॅम प्रति प्लेटपर्यंत करतात आणि तिच्यापासूनच सुरुवात करायची. एक गोष्ट मात्र मोकळेपणानं सांगायला हवी: या चाचणीत चयापचयासाठी घालतात तो एस-९ अर्क रॅटच्या यकृतातून काढलेला असतो, आणि बऱ्याच पेशी गर्भस्थ वासराच्या रक्तद्रवावर वाढवल्या जातात. ‘प्राणीविरहित’ शब्द वापरताना हे लपवू नये. (मराठीत आपण दोघांनाही उंदीर म्हणतो. प्रयोगशाळेत त्यांचं वजन, चयापचय आणि उपयोग वेगळे, म्हणून इथे रॅट आणि माउस असे शब्द ठेवले आहेत.)

एका डोसनं होणाऱ्या तीव्र विषबाधेची गोष्ट वेगळी. १९२७ साली ट्रेवन यांनी एलडी-५० ही कल्पना मांडली, म्हणजे निम्मे प्राणी मारणारा डोस. तो काटेकोर काढायला एका रसायनामागे कधी कधी शंभरपर्यंत प्राणी लागत. त्या काटेकोरपणाचा उपयोग काय? लेबलावर शेवटी गट लिहायचा असतो, आणि गटांच्या सीमा ५, ५०, ३००, २००० मिलिग्रॅम प्रति किलो अशा लांब लांब आहेत. म्हणून जुनी ४०१ मार्गदर्शिका डिसेंबर २००२ मध्ये रद्द झाली. आता तिच्या जागी तीन पर्याय आहेत. ४२३ मध्ये एका टप्प्याला फक्त तीन प्राणी, साधारणपणे माद्या, आणि सरासरी दोन ते चार टप्प्यांत निकाल लागतो. ४२५ मध्ये एकेक प्राणी, माहिती नसेल तर १७५ मिलिग्रॅमपासून सुरुवात, आणि पुढचा डोस ३.२ पट वर किंवा खाली. ४२० मध्ये मृत्यूची वाटच पाहत नाहीत, विषबाधेची स्पष्ट लक्षणं दिसली की तोच निकाल. निवड तुमच्या हाती असेल तर ४२० घ्या, मात्र लक्षणं ओळखणारी अनुभवी नजर हवी. सुरुवातीचा डोस ठरवायला आधी माउसच्या ३टी३ पेशींवर न्यूट्रल रेड चाचणी (रंगद्रव्य शोषून घेणाऱ्या जिवंत पेशी मोजणारी) करा. सुरुवात खऱ्या उत्तराच्या जवळून झाली की टप्पे कमी होतात.

या चाचणीच्या तयारीतल्या बारीकसारीक गोष्टी निकाल फिरवतात. प्राणी ८ ते १२ आठवड्यांचे, न व्यालेले, वजन सरासरीच्या २० टक्क्यांच्या आत. रॅटला रात्रभर उपाशी ठेवायचं, माउसला फक्त ३-४ तास, कारण माउसचा चयापचय वेगवान असतो आणि रात्रभराच्या उपासानं तो डोसाआधीच खचतो. पाणी कधीच तोडायचं नाही. द्रव प्रति १०० ग्रॅम वजनामागे १ मिलिलिटर, पाण्यातलं द्रावण असेल तर २ पर्यंत. पहिल्या अर्ध्या तासात एकदा तरी, पहिल्या चार तासांत विशेष लक्ष देऊन, मग रोज, एकूण १४ दिवस.

मग प्राणी खरोखर लागतात कुठे? रोजच्या थोड्या डोसानं महिनोन्महिने काय होतं, आणि प्रजननावर व गर्भावर काय होतं, या दोन ठिकाणी. पेशींना थायरॉइड नसतं, मासिक चक्र नसतं, गर्भाला पोसणारी वार नसते. यकृतात बनलेला पदार्थ मूत्रपिंडात जाऊन नुकसान करतो, ही वाट एका प्लेटमध्ये उभी करणं अजून अवघड आहे. शिवाय पेशींच्या चाचणीत आपण घातलेलं प्रमाण आणि पेशीपर्यंत पोहोचलेलं प्रमाण यांत मोठी तफावत पडते: काही प्लास्टिकला चिकटतं, काही रक्तद्रवातल्या प्रथिनांना, काही उडून जातं. मानवी डोसाशी तुलना करायची तर मोकळं उरलेलं प्रमाण मोजावं किंवा गणितानं काढावं लागतं. हे न करता ‘१० मायक्रोमोलरला विषारी’ असं लिहिलं तर त्यातून काहीच कळत नाही.

इथे आकडे मोठे होतात. २८ दिवसांच्या ४०७ मध्ये तीन डोस आणि एक नियंत्रण गट (रसायन न दिलेला), प्रत्येकी ५ नर ५ माद्या, म्हणजे ४० रॅट. ९० दिवसांच्या ४०८ मध्ये ८०. दोन वर्षांच्या कर्करोग चाचणीत प्रत्येक गटात ५० नर ५० माद्या, एकूण ४००. गर्भावरच्या ४१४ मध्ये प्रत्येक गटात सुमारे २० गाभण माद्या आणि त्यांचे गर्भ, आणि पुढच्या पिढीपर्यंत जाणाऱ्या ४४३ मध्ये पिल्लं धरून संख्या हजाराच्या वर जाते. म्हणून वाचवायची खरी संधी कातडीच्या चाचणीपेक्षा इथे आहे. छोट्या अभ्यासाचा आराखडा नीट केला तर पुढचा मोठा अभ्यास टळतो किंवा एकदाच होतो.

१९५९ साली रसेल आणि बर्च यांनी पर्याय शोधणं, संख्या कमी करणं आणि वेदना कमी करणं ही तीन तत्त्वं मांडली. दुसऱ्या तत्त्वाचा अर्थ अनेक जण गटातला एखादा प्राणी कमी करणं असा लावतात. तसं करून अभ्यास अपुरा ठरला आणि पुन्हा करावा लागला तर दुप्पट प्राणी गेले. खूप प्राणी वाया जातात ते फसलेल्या अभ्यासांत, आणि फसण्याची कारणं बहुतेक वेळा अगदी साधी असतात.

पहिलं कारण मिश्रण. न विरघळणारी पूड ०.५ टक्के कार्बॉक्सिमिथाइल सेल्युलोजच्या घट्टसर द्रावणात तरंगत ठेवली आणि डोस देताना ढवळायची थांबवली, तर पहिल्या पिंजऱ्याला कमी आणि शेवटच्याला जास्त डोस जातो. बाटलीच्या वरून, मधून आणि तळातून नमुने घेऊन प्रमाण तपासा, आणि ते अभ्यासाआधी करा. अहवाल लिहिताना तफावत कळली तर ९० दिवस आणि ८० प्राणी दोन्ही गेलेले असतात.

दुसरं, नळीनं डोस देणं. गोल टोकाची नळी तोंडापासून शेवटच्या बरगडीपर्यंत मापून घ्यावी, मान सरळ ठेवावी, आणि जरा जरी अडथळा लागला तरी ढकलू नये, बाहेर काढून पुन्हा घालावी. द्रव श्वासनलिकेत गेला की प्राणी लगेच धापा टाकतो. पण थोडासाच उलट वर येऊन फुप्फुसात गेला तर मृत्यू दोनतीन दिवसांनी येतो आणि तो रसायनाच्या माथी मारला जातो. फेसाळ, दाट किंवा झोंबणाऱ्या मिश्रणांत हे जास्त घडतं. डोसाच्या चढत्या क्रमाशी न जुळणारे विखुरलेले मृत्यू दिसले की शवविच्छेदनात अन्ननलिका, छातीची पोकळी आणि फुप्फुसं न चुकता बघा.

अन्नातून रसायन देणार असाल तर दोन सापळे. एक, वाढत्या वयाचा रॅट वजनाच्या मानानं खूप खातो, मोठा झाला की कमी, त्यामुळे अन्नातलं प्रमाण तेच ठेवलं तरी प्रति किलो डोस घसरत जातो. दर आठवड्याला अन्नाची नोंद करून डोस मोजा. दुसरा, चव आवडली नाही म्हणून प्राणी कमी खातो, वजन घटतं, आणि उपासमारीला विषबाधा समजलं जातं. शंका असेल तर तेवढंच अन्न दिलेला वेगळा नियंत्रण गट लागतो.

नमुने घेण्याचा क्रमही तितकाच नडतो. आधी सगळा नियंत्रण गट, शेवटी सगळा मोठ्या डोसाचा गट असं रक्त काढलं, तर उपासाचे तास आणि दिवसाची वेळ दोन्ही बदलतात, आणि साखर व कॉर्टिकोस्टेरॉन या ताणाच्या संप्रेरकामधला फरक रसायनाचा वाटतो. गट आलटून पालटून घ्या. रक्त घाईनं ओढून पेशी फुटल्या तर पोटॅशियम आणि एएसटी, एलडीएच ही विकरं खोटी वाढतात. मांडणीच्या वरच्या फळीवर दिवा जवळ असतो आणि पांढऱ्या रॅटचा डोळ्यातला पडदा तीव्र प्रकाशानं झिजतो, म्हणून पिंजऱ्यांच्या जागा ठरावीक काळानं फिरवा. आणि गर्भाच्या अभ्यासात हिशेबाचं एकक पिल्लू नसून मादी आहे. एका मादीची १२ पिल्लं हे १२ स्वतंत्र नमुने नव्हेत. ही चूक केली की नसलेला परिणाम ‘लक्षणीय’ दिसू लागतो.

प्राण्याचे हाल कधी थांबवायचे हे अभ्यास सुरू होण्याआधी लिहून ठेवावं लागतं. वजनातली २० टक्के घट, पाठ कमानीसारखी, केस उभे, हालचाल मंद, शरीर थंड पडणं, ही लक्षणं गुणांच्या तक्त्यावर रोज नोंदवा. नाकाडोळ्यांभोवती लालसर द्राव दिसला तर तो बहुधा रक्त नसून ताणाखाली वाढणारा पॉर्फिरिनचा स्राव असतो, तोही तक्त्यात हवा. काही जण वेळेआधी प्राण्याला शांतपणे मरण दिलं तर माहिती बुडेल अशी भीती घालतात. उलट आहे. रात्री मेलेल्या प्राण्याचे अवयव सकाळपर्यंत सडू लागतात आणि सूक्ष्मदर्शकाखाली काही कळत नाही, तर वेळेवर वेदनारहित मरण दिलेल्याचे अवयव पूर्ण माहिती देतात. दया आणि विज्ञान इथे एकाच बाजूला उभे आहेत.

आता आकडा माणसापर्यंत कसा आणायचा. जुनी रीत म्हणजे ज्या सर्वांत मोठ्या डोसाला हानी दिसली नाही तो घ्यायचा आणि १०० ने भागायचा: १० प्राणी आणि माणूस यांच्यातल्या फरकासाठी, १० माणसामाणसांतल्या फरकासाठी. तो डोस ५० मिलिग्रॅम प्रति किलो असेल तर माणसासाठी ०.५, म्हणजे ६० किलोच्या व्यक्तीला दिवसाला ३० मिलिग्रॅम. या रीतीत एक खोट आहे: हा डोस तुम्ही निवडलेल्या डोसांपैकीच एक असतो, आणि प्राणी कमी असले तर परिणाम दिसत नाही, म्हणून ढिसाळ अभ्यासाला मोठा आकडा बक्षीस मिळतो. बेंचमार्क डोसची (ठरावीक छोटा परिणाम घडवणारा डोस शोधण्याची) पद्धत सगळ्या डोसांमधून वक्र काढते आणि अनिश्चितता मोठी असेल तर आकडा आपोआप खाली आणते. तीच वापरा, आणि डोस दोन ते चार पट अंतरावर ठेवा म्हणजे वक्राला आधार मिळतो.

प्राणी आणि माणूस यांतला फरक १० मध्ये मावेलच असंही नाही. टीसीडीडी या डायॉक्सिनचा मारक डोस गिनीपिगमध्ये सुमारे १ मायक्रोग्रॅम प्रति किलो आहे, हॅमस्टरमध्ये १००० च्या वर. मिथेनॉलनं माणूस आंधळा होतो, पण रॅट होत नाही, कारण त्याच्या यकृतात फोलेट भरपूर असल्यानं फॉर्मिक आम्ल साठत नाही. उलट, लिंबूवर्गीय फळांतल्या लिमोनीननं नर रॅटच्या मूत्रपिंडात गाठी येतात त्या अल्फा-२यू-ग्लोब्युलिन या त्याच्या खास प्रथिनामुळे, आणि त्या माणसाला लागू नाहीत. म्हणून ‘रॅटमध्ये दिसलं’ इथे थांबू नका, ‘कोणत्या वाटेनं दिसलं’ ते विचारा. गर्भवतींनी घेतल्यावर बाळांत व्यंग निर्माण करणाऱ्या थॅलिडोमाइडचा दाखला प्राण्यांवरच्या चाचण्या फसतात हे दाखवायला दिला जातो. औषध १९५७ साली बाजारात आलं तेव्हा गर्भावरच्या परिणामांची पद्धतशीर चाचणी झालेलीच नव्हती. पुढे चाचण्या झाल्या तेव्हा रॅटनं फारसं काही दाखवलं नाही, सशानं दाखवलं. गर्भावरच्या चाचणीला दुसरी, कृंतक (उंदीरवर्गातली) नसलेली प्रजाती मागतात ती या अनुभवातून.

शेवटी एक काम जे आराखड्यावर सही होण्याआधीच करायचं असतं. हीच चाचणी याच रसायनावर आधी झाली आहे का ते शोधा. युरोपच्या रीच कायद्यात पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांवरची चाचणी शेवटचा उपाय म्हणूनच करता येते, आणि झालेली चाचणी पुन्हा न करता तिची माहिती वाटून घेणं बंधनकारक आहे. ओईसीडीच्या सदस्य देशांत तर १९८१ पासूनच ठरलेल्या पद्धतीनं आणि जीएलपीच्या (प्रयोगशाळेच्या चांगल्या कामकाजाच्या नियमांच्या) शिस्तीत झालेला अभ्यास दुसऱ्या देशाला मान्य करावा लागतो. माहिती ज्याच्याकडे आहे त्याला लेखी विचारा, अभ्यासाचा क्रमांक, वर्ष, पदार्थाची शुद्धता आणि डोस एवढं आधी मागवा. शुद्धता तुमच्या मालाशी जुळली तर वाटाघाटी खर्चाच्या उरतात. जुळली नाही, तर कोणती अशुद्धी वेगळी आहे ते ओळखा आणि फक्त तेवढ्यापुरता प्रश्न नव्यानं विचारा.